ड्रॉप मिळाला नाही? आधी इन्व्हेंटरी उघडा

“मावशी, चार तास बघितलं आणि एक टक्कासुद्धा झाला नाही!”

भाच्याचा हा मेसेज आला तेव्हा कॅम्पेन, म्हणजे ड्रॉप मिळवायची मुदत, संपायला जेमतेम अडीच तास उरले होते, आणि त्याला हवा असलेला ड्रॉप (स्ट्रीम बघितल्याबद्दल मिळणारी खेळातली वस्तू) होता दोन तासांचा. ट्विच या लाइव्ह स्ट्रीमिंगच्या साइटवर माझ्या एका मैत्रिणीचं चॅनेल आहे, तिथे मी मॉडरेटर आहे. ती खेळते, मी चॅट सांभाळते. ड्रॉप्स चालू असले की दर पाच-दहा मिनिटांनी चॅटमध्ये कुणीतरी हेच विचारतं, त्यामुळे प्रश्न ओळखीचा होता. मी त्याला एवढंच सांगितलं, “पेज रिफ्रेश करत बसू नकोस. फोन आणि कॉम्प्युटर, दोन्हीकडे वरच्या कोपऱ्यातल्या फोटोवर टॅप कर आणि जे नाव दिसेल त्याचा स्क्रीनशॉट पाठव.”

दोन स्क्रीनशॉट आले. एका नावाच्या शेवटी अंडरस्कोर होता, दुसऱ्याच्या नव्हता. फोनमध्ये त्याचं जुनं, विसरलेलं अकाउंट अजून लॉग-इन होतं. चार तास तो फोनवर बघत होता आणि प्रगतीचे टक्के शोधत होता कॉम्प्युटरवर, नव्या अकाउंटमध्ये. त्याचे चार तास मोजले गेले होते, पण भलत्याच खात्यात. खेळाचं अकाउंट नव्या ट्विच अकाउंटला जोडलेलं असल्यामुळे जुन्यातले टक्के काही उपयोगाचे नव्हते. फोनवरून लॉग-आउट, नव्या अकाउंटनं लॉग-इन, पुन्हा तीच स्ट्रीम. वीस-पंचवीस मिनिटं हातात असताना शंभर टक्के झाले आणि त्यानं क्लेम केलं, म्हणजे बटण दाबून वस्तू आपल्या नावावर घेतली.

तेव्हापासून माझे दोन प्रश्न ठरलेले आहेत. कुठल्या अकाउंटवरून बघताय? आणि इन्व्हेंटरीत नेमकं काय दिसतंय? बहुतेक वेळा एवढ्यानंच उलगडा होतो.

ज्यांना हा प्रकार नवा आहे त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. ड्रॉप म्हणजे ठरावीक वेळ लाइव्ह स्ट्रीम बघितल्याबद्दल खेळात मिळणारी वस्तू: स्किन (पात्राचं किंवा हत्याराचं वेगळं रूप), बॅनर, एखादी पेटी, कधी खेळाचा प्रवेशसुद्धा. व्हॅलोरंट या खेळाचा क्लोज्ड बीटा (निवडक लोकांसाठीची चाचणी) ७ एप्रिल २०२० ला सुरू झाला तेव्हा त्यात शिरायची वाट ट्विचवरच्या ड्रॉपमधूनच जात होती, आणि लाखो लोक एकाच वेळी दुसऱ्यांचा खेळ बघत बसले होते. वस्तू कोणती, किती मिनिटं बघायचं, कुठल्या चॅनेलवर, कधीपासून कधीपर्यंत, हे सगळं खेळाची कंपनी ठरवते. मिनिटं मोजायचं काम ट्विचचं. स्ट्रीमरच्या हातात फारसं काही नसतं, म्हणून ड्रॉप अडकला की त्याच्यावर चिडण्यात अर्थ नाही. ती वस्तू तो स्वतःहून तुम्हाला देऊ शकत नाही.

चॅनेल पॉइंट्स, म्हणजे स्ट्रीम बघताना साठत जाणारे गुण, ही वेगळी गोष्ट. ते त्या त्या चॅनेलपुरते असतात आणि स्ट्रीमर स्वतः त्यांची बक्षिसं ठरवतो. “माझे पॉइंट वाढतायत, मग ड्रॉप का नाही?” असं पुष्कळ जण विचारतात. दोन्हींचं मोजमाप वेगळं आहे. पॉइंट वाढले म्हणजे ड्रॉपची मिनिटं चालू आहेत असं नाही.

आता इन्व्हेंटरी. ब्राउझरमध्ये ट्विच डॉट टीव्ही स्लॅश ड्रॉप्स स्लॅश इन्व्हेंटरी असा पत्ता टाका, किंवा प्रोफाइलच्या मेनूतून ड्रॉप्सच्या पानावर जा. तिथे दोन भाग आहेत. कॅम्पेन्समध्ये सध्या कुठल्या खेळाचं काय चालू आहे ते दिसतं, इन्व्हेंटरीत तुमची प्रगती आणि तुम्ही क्लेम केलेल्या वस्तू. गाडी कुठे अडली आहे ते या पानावर कळतं: नोंदच नाही, टक्के अडकलेत, शंभर झालेत पण क्लेम केलेलं नाही, किंवा क्लेम झालंय पण वस्तू खेळात आलेली नाही. चारही अडचणींचे उपाय वेगळे आहेत. क्लेम न केलेल्या माणसानं कॅशे साफ करून काही होत नाही, आणि वस्तू खेळात आली नाही म्हणून आणखी दोन तास स्ट्रीम बघूनही काही होत नाही.

नोंदच दिसत नाही

अकाउंटचं वर सांगितलंच. ते बरोबर असेल तर कॅम्पेनच्या पानावर जाऊन कुठली चॅनेल्स चालतात ते वाचा. काही कॅम्पेन त्या खेळाच्या कुठल्याही पात्र चॅनेलवर चालतात, काहींमध्ये मोजक्या चॅनेलची यादी असते. स्ट्रीमखाली ड्रॉप्सचा टॅग दिसला की लोक निर्धास्त होतात, पण मी टॅगवर भरवसा ठेवत नाही, कारण स्ट्रीमर टॅग स्वतः लिहू शकतात. कॅम्पेनच्या पानावरची यादी काय म्हणते तेच खरं.

दुसरी तपासणी कॅटेगरीची. स्ट्रीमर जेवायला उठला, गप्पा मारायला बसला आणि त्यानं कॅटेगरी बदलून ‘जस्ट चॅटिंग’ केली, की त्या खेळाची मिनिटं थांबतात. पडद्यावर खेळ अजून दिसत असला तरीसुद्धा. उलटंही होतं: स्ट्रीमर नवा खेळ सुरू करतो आणि कॅटेगरी बदलायला विसरतो. माझ्या मैत्रिणीकडून असं एकदा झालं, आणि चॅटमधल्या एका मुलानं लक्षात आणून दिलं म्हणून तीन मिनिटांत निस्तरलं. तुम्हाला दिसलं तर चॅटमध्ये नम्रपणे सांगा, स्ट्रीमर आभारच मानतो.

बघताय ती स्ट्रीम लाइव्ह आहे ना, हेही पाहा. झालेल्या स्ट्रीमचं रेकॉर्डिंग कितीही बघितलं तरी ते धरलं जात नाही. दुसऱ्याच एखाद्या साइटवर लावलेल्या चौकटीत ट्विचची स्ट्रीम बघत असाल तर ती बंद करून थेट ट्विचवर या.

कॅम्पेन अजून सुरूच झालेलं नसतं, असंही खूपदा होतं. कंपन्या बहुधा पॅसिफिक टाइम (अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याची वेळ) किंवा यूटीसी (जागतिक प्रमाणवेळ) यांत वेळ जाहीर करतात, आणि पॅसिफिक टाइम हिवाळ्यात यूटीसीच्या आठ तास मागे असतो, उन्हाळ्यात सात. हा एक तास पुष्कळांना फसवतो. आपल्या घड्याळात ती वेळ किती होते ते एकदा नीट काढा आणि लिहून ठेवा, म्हणजे शेवटच्या रात्री धावपळ होत नाही.

टक्के अडकलेत

सर्वांत जास्त लोक इथे अडकतात, म्हणून जरा सविस्तर सांगते.

पहिल्यांदा दहा-पंधरा मिनिटं थांबा. टक्के सेकंदासेकंदाला हलत नाहीत, ते टप्प्याटप्प्यानं पुढे सरकतात. दर मिनिटाला पान रिफ्रेश करणाऱ्याला ते कायमच अडकल्यासारखे वाटतात. मी घड्याळात वेळ बघते, आकडा कागदावर लिहिते आणि पंधरा मिनिटांनी पुन्हा बघते. आकडा तोच असेल तरच काहीतरी बिघडलंय असं धरते.

मग स्ट्रीमचा टॅब उघडून डोळ्यांनी बघा, चॅनेल तेच आहे का? हे फार महत्त्वाचं आहे. आमच्या चॅटमधली एक मुलगी रात्री टॅब चालू ठेवून झोपली. सकाळी उठून बघते तर ड्रॉप सत्तेचाळीस टक्क्यांवर. तिनं ब्राउझर बदलला, एक्स्टेंशन्स काढली, सगळं केलं. मी तिला टॅबवरचं चॅनेलचं नाव वाचायला सांगितलं. नाव भलतंच होतं. स्ट्रीमरनं रात्री स्ट्रीम संपवताना दुसऱ्या चॅनेलवर रेड केली होती, म्हणजे आपले सगळे प्रेक्षक तिकडे पाठवले होते. तिचा टॅबही त्यांच्यासोबत आपोआप तिकडे गेला आणि उरलेली रात्र एक वेगळाच खेळ दाखवत राहिला. रेड हा चांगला रिवाज आहे, त्यातून छोट्या स्ट्रीमर्सना प्रेक्षक मिळतात. पण ड्रॉपसाठी बघत असाल तर झोपेच्या भरवशावर टॅब सोडू नका.

ड्रॉप्स साखळीत असतील, म्हणजे पहिला एक तासाला, पुढचा दोन तासांना असे, तर आधीचा क्लेम केल्याशिवाय पुढच्याचे टक्के सुरू न होण्याची शक्यता असते. “एक झाला, दुसरा शून्यावरच आहे” असं कुणी म्हणालं की मी आधी विचारते, पहिला क्लेम केलात का? बहुतेक वेळा उत्तर नाही असंच येतं.

काही ड्रॉप ठरावीक स्ट्रीमरच्या नावाचे असतात. रस्ट या खेळात हे नेहमी दिसतं: अमक्या स्ट्रीमरची स्किन हवी तर त्याच्याच चॅनेलवर वेळ द्यावा लागतो. एकाकडे बघितलेली मिनिटं दुसऱ्याच्या स्किनला लागू होत नाहीत. म्हणून वस्तूच्या चित्राखाली कुठल्या चॅनेलचं नाव आहे ते वाचूनच बसा. काही ड्रॉप नुसतं बघून मिळतच नाहीत, त्यांना पैसे भरून सबस्क्रिप्शन घ्यावं किंवा भेट द्यावं लागतं. तेही तिथेच लिहिलेलं असतं.

चार टॅबमध्ये चार स्ट्रीम लावून चौपट वेळ मिळत नाही. एका वेळी एकाच चॅनेलची मिनिटं धरली जातात, आणि कधी कुठली धरली गेली याचा मेळच लागत नाही. एकच टॅब ठेवा. फोनवरही तीच स्ट्रीम चालू असेल तर ती बंद करा.

ब्राउझर वापरात नसलेले टॅब झोपवतात, हे पुष्कळांना माहीत नसतं. क्रोममध्ये त्याला मेमरी सेव्हर म्हणतात, एजमध्ये स्लीपिंग टॅब्ज. दोन्हींच्या सेटिंगमध्ये ट्विचला अपवाद म्हणून टाकता येतं. आवाज नको असेल तर प्लेअरचा आवाज शून्यावर न नेता टॅबवर राइट-क्लिक करून टॅब म्यूट करा, प्लेअरचा आवाज थोडासा चालूच राहू द्या. मी कायम असंच करते आणि मला कधी अडचण आलेली नाही. व्हिडिओ थांबवलेला किंवा गोल फिरणाऱ्या चक्रावर अडकलेला नाही ना, तेही बघा. नेट मंद असेल तर क्वालिटी १६०पी पर्यंत खाली आणा. चित्र धूसर दिसलं तरी मिनिटं धरली जातात. मिनिटं बुडतात ती स्ट्रीम तुटत राहिली की.

एवढं करूनही आकडा हलत नसेल तर जाहिराती अडवणारी एक्स्टेंशन्स आणि व्हीपीएन बंद करून बघा. एका वेळी एकच गोष्ट बदला आणि दर वेळी पंधरा मिनिटं द्या. पाच गोष्टी एकदम बदलल्या तर नेमकं कशानं सुटलं ते कळत नाही आणि पुढच्या कॅम्पेनला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. घाई असेल तर सरळ फोनवरच्या ट्विच ॲपमध्ये त्याच अकाउंटनं तीच स्ट्रीम लावा. तिथे टक्के हलले तर दोष ब्राउझरचा, नाही हलले तर चॅनेलचा किंवा कॅम्पेनचा.

तुमच्या वतीनं आपोआप बघणारी आणि क्लेम करणारी सॉफ्टवेअर्स मिळतात. ती वापरू नका, असं मी अगदी मनापासून सांगते. अशा बॉट प्रकारांना नियमांत परवानगी नाही आणि तुमच्या लॉग-इनची चावी तुम्ही एका अनोळखी माणसाच्या हाती देता. एका स्किनसाठी वर्षानुवर्षांचं अकाउंट पणाला लावणं मला पटत नाही.

शंभर टक्के झाले, पुढे?

क्लेम करायचं, बस. चॅटजवळ तशी सूचना येते, ती हुकली तर इन्व्हेंटरीत बटण असतं. शंभर टक्के झाले म्हणजे वस्तू मिळाली असं नाही. कॅम्पेन संपल्यावर क्लेमला थोडीशी सवड मिळते, पण तिच्यावर विसंबू नका. वेळ निघून गेल्यावर बटण नाहीसं झालेलं बघून रडकुंडीला आलेली मुलं मी पाहिली आहेत, आणि तेव्हा मला त्यांच्यासाठी काहीही करता आलेलं नाही. तुमचा ड्रॉप पूर्ण व्हायला किती वेळ राहिलाय ते बघा आणि त्या वेळेचा फोनमध्ये गजर लावा.

क्लेम झालं, खेळात मात्र काही नाही

इथे ट्विचचं काम संपलेलं असतं आणि गोष्ट खेळाच्या बाजूला गेलेली असते. आधी खेळ पूर्ण बंद करून पुन्हा उघडा. वस्तू कधी खेळातल्या टपालपेटीत येते, कधी थेट कपाटात. रस्टची स्किन स्टीम या खेळांच्या ऑनलाइन दुकानातल्या तुमच्या इन्व्हेंटरीत दिसते. काही कंपन्या वस्तूऐवजी कोड देतात, तो आपणच नेऊन भरायचा असतो. थोडा उशीर होणं रीतीचं आहे. मी एक पूर्ण दिवस जाऊ देते आणि मगच काळजी करायला लागते.

दिवस उलटूनही वस्तू आली नाही तर बहुधा जोडणीत गडबड असते. ट्विचच्या सेटिंग्जमध्ये कनेक्शन्स उघडा आणि खेळाचं अकाउंट जोडलेलं दिसतंय का ते बघा. पण तेवढ्यावर थांबू नका. दुसरं टोकही तपासा. खेळाच्या कंपनीच्या साइटवर जाऊन तिथल्या अकाउंटला कुठलं ट्विच अकाउंट जोडलंय ते वाचा. नुसतं ‘कनेक्टेड’ बघून समाधान मानू नका, कुणाशी कनेक्टेड ते बघा.

हे मी का सांगते तर माझ्या समोर घडलेली एक गोष्ट आहे. एका घरात बहीण-भाऊ एकच कॉम्प्युटर वापरायचे. बहिणीनं ट्विचवर ‘कनेक्ट’ दाबलं, छोटी खिडकी उघडली, क्षणात मिटली आणि जोडणी झाली. पासवर्ड विचारलाच नाही, याचं तिला बरं वाटलं. विचारला नाही, कारण त्या ब्राउझरमध्ये खेळाच्या साइटवर भाऊ आधीच लॉग-इन होता. तिचं ट्विच त्याच्या खेळाला जोडलं गेलं. तिनं तीन दिवस बघून मिळवलेली स्किन त्याच्या खात्यात जाऊन बसली, आणि एकदा दिलेली ती तिथून इकडे हलवता आली नाही. म्हणून जोडणी करण्याआधी खेळाच्या साइटवरून लॉग-आउट व्हा, स्वतःच्या नावानं लॉग-इन करा आणि मगच कनेक्ट दाबा. पासवर्ड न विचारता जोडणी झाली तर थांबा आणि नाव वाचा.

एकाच खेळाचं कॉम्प्युटरवरचं आणि कन्सोलवरचं खातं वेगळं असेल तर वस्तू भलत्याच ठिकाणी वाट बघत बसलेली असू शकते. तिथेही एकदा डोकावा.

एक धोका इथे सांगितलाच पाहिजे. “तुझा ड्रॉप अडकलाय, या लिंकवर जाऊन पुन्हा जोड” असा मेसेज अनोळखी माणसाकडून आला तर ती लिंक उघडू नका. ज्यांना ड्रॉप मिळालेला नसतो, नेमकी तीच माणसं हे लोक चॅटमध्ये हेरतात. मोठ्या स्पर्धेचं जुनं रेकॉर्डिंग लाइव्ह म्हणून लावून त्यावर क्यूआर कोड टाकणारी नकली चॅनेल्सही असतात. जोडणी नेहमी ट्विचच्या सेटिंग्जमधून किंवा खेळाच्या खऱ्या साइटवरून, पत्ता स्वतः टाइप करून करा, आणि दोन्ही अकाउंटना टू-फॅक्टर (पासवर्डशिवाय दुसरी खूणही मागणारं कुलूप) लावा.

तिकीट लिहायचं तर

तिकीट म्हणजे सपोर्टकडे केलेली लेखी तक्रार. टक्के हलत नसतील किंवा क्लेमचं बटण चालत नसेल तर ट्विचला लिहा. क्लेम झालं आणि वस्तू नाही, तर खेळाच्या कंपनीला लिहा. उलट केलंत तर दोघंही तुम्हाला एकमेकांकडे पाठवतात आणि आठवडा जातो.

“माझा ड्रॉप आला नाही, प्लीज हेल्प” एवढंच लिहिलं तर समोरचा माणूस काय शोधणार? ट्विचचं युजरनेम लिहा, खेळातला आयडी लिहा, कॅम्पेनचं आणि वस्तूचं नाव जसं पानावर आहे तसंच लिहा, क्लेम केल्याची तारीख आणि वेळ यूटीसीमध्ये लिहा. इन्व्हेंटरीतल्या क्लेम झालेल्या वस्तूचा आणि दोन्ही बाजूंच्या जोडणीचा स्क्रीनशॉट लावा. काय काय करून बघितलंत ते एका ओळीत सांगा, नाहीतर पहिलं उत्तर “कृपया खेळ पुन्हा सुरू करून बघा” असंच येईल. पासवर्ड कुणालाही देऊ नका, सपोर्टचा माणूस तो मागत नाही.

आणि तिकिटाचं उत्तर येईपर्यंत जोडणी तोडू नका. हात शिवशिवतात, मला ठाऊक आहे, कारण जो तो “अनलिंक करून परत लिंक कर” हाच सल्ला देतो. पण काही कंपन्या तोडलेली जोडणी ठरावीक दिवस पुन्हा करू देत नाहीत, आणि तुमच्या तिकिटात लिहिलेला आयडी व त्यांच्याकडे दिसणारा आयडी जुळेनासा होतो. तोडायचीच वेळ आली तर ती सपोर्टनं सांगितल्यावर, आधी दोन्ही टोकांचे स्क्रीनशॉट काढून.